रोज चारचौघांत जाऊनही भीती का जात नाही? सोशल अँक्झायटीच्या उपचारात या चुका टाळा

‘मी रोज ऑफिसला जातो, मीटिंगला बसतो, घरातलं एकही लग्न चुकवत नाही. तरी भीती तसूभर कमी झालेली नाही. म्हणजे हे एक्सपोजर वगैरे माझ्यावर चालत नाही.’ एक्सपोजर म्हणजे भीती वाटते त्या प्रसंगांना मुद्दाम, पुन्हा पुन्हा सामोरं जाणं. उपचार सुरू करणाऱ्यांच्या तोंडून हे वाक्य पुन्हा पुन्हा येतं. त्यातली माहिती खरी असते, निष्कर्ष मात्र चुकलेला असतो.

आधी एवढं स्पष्ट करू. बुजरेपणा हा आजार नाही. चार लोक आपल्याला पाहतील, जोखतील, हसतील या भीतीने माणूस सहा महिने किंवा त्याहून जास्त काळ बोलणं, खाणं, सही करणं, फोन उचलणं टाळत असेल किंवा जीव मुठीत धरून ते करत असेल, आणि त्यापायी शिक्षण, नोकरी, नाती अडत असतील, तर ती सोशल अँक्झायटी. सुरुवात बहुतेकदा ८ ते १५ या वयात होते. घरचे ‘स्वभावच तसा आहे’ म्हणतात आणि मधली दहा-पंधरा वर्षं तशीच निघून जातात.

चूक पहिली, आणि सगळ्यात महागात पडणारी: जाणं, पण लपून जाणं

अनेकांच्या अनुभवांतून जुळवलेलं एक चित्र पाहा. वय सत्तावीस, अकाउंट्समध्ये नोकरी. लोकांसमोर चहा घेताना हात थरथरतो, ही मुख्य भीती. हा मुलगा काहीही टाळत नाही. ऑफिसचा चहा, साखरपुडे, कांदेपोह्यांचे कार्यक्रम, सगळीकडे जातो. पण जातो कसा ते बघा. कप अर्धाच भरून घेतो. बशी नको म्हणतो, कारण ती वाजते. चहा कोमट होईपर्यंत थांबतो, म्हणजे दोन घोटांत संपवता येतो. कोपर बरगडीला घट्ट चिकटवतो, कप दोन्ही हातांनी दाबून धरतो. भिंतीच्या कडेला उभा राहतो आणि समोरचा दुसरीकडे बघेल तेवढ्यात घोट घेतो. दोन वर्षं हे चालू आहे आणि भीती होती तेवढीच आहे.

का? कारण प्रत्येक वेळी मेंदू धडा घेतो तो असा: ‘कप दाबून धरला म्हणून आज वाचलो.’ कप दाबून धरला नसता तरी काही झालं नसतं, हे कळायची संधीच त्याला मिळालेली नाही. या बचावाच्या सवयी भीतीला खतपाणी घालतात, हे डेव्हिड क्लार्क आणि अॅड्रियन वेल्स या मानसशास्त्रज्ञांनी १९९५ साली नीट मांडलं आणि आजचा प्रभावी उपचार त्याच मांडणीवर उभा आहे. या सवयींचे आणखी दोन तोटे आहेत. आवळलेला स्नायू जास्त थरथरतो, त्यामुळे दाबून धरलेला कप मोकळ्या हातातल्या कपापेक्षा अधिक हलतो. आणि सगळं लक्ष स्वतःच्या हाताकडे लागल्यामुळे समोरचा काय बोलतोय ते कानात शिरत नाही. उत्तर तुटक जातं, नजर खाली राहते. समोरच्याला वाटतं याला बोलायचं नाही, तो निघून जातो. मुलगा मनात नोंद करतो, ‘बघ, माझ्याशी कोणी बोलत नाही.’

बचावाच्या सवयी प्रत्येकाच्या वेगळ्या. वाक्यं आधी मनात पाठ करणं, सतत मोबाइलमध्ये डोकं घालणं, चेहरा लाल होतो म्हणून दुपट्टा गुंडाळणं, काखेतला घाम दिसू नये म्हणून मे महिन्यात जाकीट घालणं, खूप भरभर बोलून विषय संपवणं, समोरच्यालाच प्रश्न विचारत राहणं. शेवटची सवय सभ्य दिसते, म्हणून तिच्याकडे सहसा लक्षच जात नाही.

यावर उपाय करायचा तो असा. कागदावर आपल्या सवयी लिहून काढा, आठ-दहा तरी निघतात. मग एकच प्रसंग दोनदा करायचा, पाच-पाच मिनिटं. पहिल्यांदा सगळ्या सवयी मुद्दाम वापरून आणि लक्ष स्वतःकडे ठेवून. दुसऱ्यांदा सवयी सोडून आणि लक्ष समोरच्याच्या बोलण्यावर ठेवून. दर वेळी ० ते १०० मध्ये तीन आकडे लिहा: भीती किती वाटली, ती बाहेर किती दिसली असं वाटतं, गप्पा किती जमल्या. बहुतेकांना दुसऱ्या खेपेचे आकडे बरे आलेले पाहून आश्चर्य वाटतं.

शक्य असेल तर दोन्ही खेपांचं मोबाइलवर चित्रीकरण करा. पण पाहण्याआधी काय दिसेल ते मोजता येईल अशा शब्दांत लिहा. ‘वाईट दिसेन’ चालणार नाही. ‘हात दोन इंच हलेल, चेहरा टोमॅटोसारखा लाल असेल, चार वेळा अडखळेन’ असं हवं. मग अनोळखी माणसाला पाहावं तसं पाहा. आतून जाणवलेली थरथर आणि बाहेरून दिसलेली थरथर यांत किती अंतर असतं, हे इथे डोळ्यांनी दिसतं. समजावून सांगून ते कधीच पटत नाही.

पुढची पायरी म्हणजे भीती मुद्दाम खरी करून पाहणं. गर्दीच्या उपाहारगृहात चहा बशीत सांडायचा. आधी अंदाज लिहायचा, ‘आजूबाजूची टेबलं गप्प होतील, कोणीतरी हसेल.’ सांडल्यावर मान वर ठेवायची आणि किती जण, किती सेकंद बघतात ते मोजायचं. नेहमी घडतं ते असं की एक पोऱ्या फडकं घेऊन येतो, टेबल पुसतो आणि निघून जातो. हे मोजणं टाळू नका. मान खाली घालून सांडलेला चहा म्हणजे पुन्हा लपणंच झालं.

थेट स्टेजवर उडी

घाई करणाऱ्यांबद्दल थोडं कडक बोलायलाच हवं. दहा वर्षांची भीती दोन दिवसांच्या शिबिरात घालवायची म्हणून लोक पैसे भरतात. तिथे शंभर लोकांसमोर माइक हातात देतात, टाळ्या वाजतात आणि सोमवारी हाच माणूस गॅस एजन्सीला फोन करू शकत नाही. भाषण करता येणं आणि लोकांत मोकळेपणी वावरता येणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

शिडी बनवा. दहा-बारा प्रसंग, प्रत्येकाला भीतीचा आकडा. सुरुवात ३०-४० च्या प्रसंगापासून. एसटीत कंडक्टरला ‘माझा स्टॉप गेला का?’ विचारणं. भाजीवाल्याला ‘ही जुडी नको, दुसरी द्या’ म्हणणं. दुकानात पाच वस्तू बघून एकही न घेता बाहेर पडणं. पंगतीत दुसऱ्यांदा वाढायला मागणं. मीटिंगमध्ये ‘मला हे कळलं नाही, पुन्हा सांगाल का?’ विचारणं. आठवड्यात एकच प्रसंग किमान चार-पाच वेळा, वेगवेगळ्या लोकांसोबत करायचा. एकदा जमलं म्हणून पुढे पळू नका, आणि सगळ्यात खालच्या पायरीवर दोन महिने बसूनही राहू नका.

आरईबीटी ही अविवेकी विचार बदलण्यावर भर देणारी उपचारपद्धती घडवणारे मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस वयाच्या १९व्या वर्षी मुलींशी बोलायला प्रचंड घाबरत. त्यांनी महिनाभर न्यूयॉर्कच्या बोटॅनिकल गार्डनमध्ये जाऊन बाकावर एकट्या बसलेल्या बायकांशी बोलायचं ठरवलं. शंभरेक जणींशी ते बोलले. एकीने भेटायचं कबूल केलं आणि तीही आली नाही. पण भीती ओसरली. ती ओसरली शंभर वेळा केल्यामुळे. एखादी हो म्हणेल की नाही, यावर त्यांनी काहीच टांगून ठेवलं नव्हतं.

मित्राच्या पाकिटातली गोळी

मुलाखतीच्या सकाळी ‘अर्धी घे, शांत वाटेल’ म्हणून दिलेली अल्प्राझोलाम, म्हणजे घबराट तात्पुरती शमवणारी गोळी. शांत वाटतं, यात शंका नाही, आणि धोका तिथेच आहे. मेंदू पुन्हा तोच धडा घेतो, ‘गोळीमुळे वाचलो.’ शिवाय गुंगी येते, स्मरणशक्तीवर परिणाम होतो, सवय लागते, आणि दारूसोबत घेतली तर श्वास मंदावून जिवावर बेतू शकतं. हे औषध शेड्यूल एच-१ मध्ये, म्हणजे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकता न येणाऱ्या औषधांच्या यादीत आहे. चिठ्ठीशिवाय ते देणारा औषधवाला तुमच्यावर उपकार करत नाही.

प्रोप्रानोलॉल या रक्तदाब-हृदयविकाराच्या औषधाबद्दलही असाच गैरसमज दिसतो. भाषण किंवा वादनापुरती धडधड आणि थरथर ते कमी करतं. रोजच्या सोशल अँक्झायटीचं ते औषध नाही. दमा असलेल्यांनी ते परस्पर घेणं तर सरळ धोकादायक.

सोशल अँक्झायटीसाठी मनोविकारतज्ज्ञ सहसा एस्सिटालोप्राम किंवा सर्ट्रालीन ही नैराश्यावरही दिली जाणारी, रोज घ्यायची औषधं निवडतात. इथली ठरलेली चूक म्हणजे दहाव्या दिवशी बंद करणं. पहिले एक-दोन आठवडे मळमळ, अस्वस्थता, झोपेची गडबड होऊ शकते, म्हणूनच डॉक्टर कमी मात्रेपासून चढवत नेतात. फरक जाणवायला चार ते सहा आठवडे लागतात, पूर्ण परिणाम जोखायला बारा. गुण आल्यावरही साधारण सहा महिने पुढे घ्यावं लागतं आणि बंद करताना मात्रा हळूहळू उतरवावी लागते. एकदम थांबवलं की चक्कर, चिडचिड, डोक्यात करंट गेल्यासारखं वाटणं सुरू होतं, आणि लोक समजतात ‘गोळीची सवय लागली.’ पंचविशीच्या आतल्यांमध्ये सुरुवातीच्या आठवड्यांत जीव नकोसा वाटण्याचे विचार वाढले तर त्याच दिवशी डॉक्टरांना कळवा. औषधाबरोबर बचावाच्या सवयी सोडण्याचं काम चालू ठेवलं नाही, तर गोळी थांबल्यावर भीती परत येण्याची शक्यता मोठी.

घरच्यांची मदत

आई मुलाच्या वतीने कॉलेजात फोन करते, बायको नवऱ्याऐवजी बँकेत जाते. माया खरी असते, पण प्रत्येक फोनागणिक त्या माणसाची शिडी एका पायरीने उंच होते. एकदम सगळं काढून घेऊ नका. ‘नंबर मी लावते, बोल तू’ इथून सुरू करा.

घरी घडाघडा बोलणारं मूल शाळेत महिना उलटला तरी चकार शब्द काढत नसेल, तर तो हट्ट नसतो. ते सिलेक्टिव्ह म्युटिझम असू शकतं. ‘काकांना कविता म्हणून दाखव’ ही जबरदस्ती तिथे उलटी पडते. प्रश्न विचारून पाच सेकंद शांत थांबा आणि त्याच्या वतीने उत्तर देऊ नका. एवढ्याने पुष्कळ फरक पडतो.

थोडक्यात सांगता येतील अशा आणखी काही चुका

रात्री अंथरुणात दिवसभराच्या बोलण्याचं पोस्टमॉर्टेम. त्यात नवीन पुरावा सापडत नाही, आठवण तेवढी अधिक काळी होते. प्रसंगानंतर पाच मिनिटं लिहून वही मिटा.

भर गप्पांमध्ये दीर्घ श्वास मोजत बसणं. लक्ष पुन्हा आत वळतं. श्वसन इतर वेळी जरूर करा.

दोन पेग घेतल्याशिवाय पार्टीत न जाणं. हीही बचावाची सवय, आणि सगळ्यात लवकर स्वतंत्र आजार होणारी.

थायरॉइड न तपासणं. वजन घटतंय, एकटे असतानाही हात थरथरतात, धडधड होते, तर आधी रक्ततपासणी.

इंटरनेटवरच्या प्रश्नावलीत जास्त गुण आले म्हणून स्वतःच निदान करून टाकणं. अचानक आलेले पॅनिकचे झटके, नैराश्य, ऑटिझम हे सगळं वरून सारखं दिसू शकतं. जगणं नकोसं वाटत असेल तर शिडी बाजूला ठेवा आणि टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनच्या १४४१६ वर फोन करा. सेवा मोफत आहे, चोवीस तास चालते आणि मराठीत बोलता येतं.

उपचार करणारा माणूस निवडताना

‘काउन्सेलर’ अशी पाटी कोणीही लावू शकतं. क्लिनिकल सायकॉलॉजिस्टची नोंदणी भारतीय पुनर्वास परिषदेकडे असते. ती विचारा, विचारण्यात उद्धटपणा नाही. पहिल्या भेटीत आणखी तीन प्रश्न विचारा. साधारण किती सत्रं लागतील? सीबीटीला, म्हणजे विचार आणि वागणं बदलण्यावर काम करणाऱ्या उपचाराला, १४ ते १६ सत्रं, चारेक महिने, हे वाजवी उत्तर. दोन सत्रांच्या मध्ये मी काय करायचं? आणि आपण कधी खोलीबाहेर, चहाच्या टपरीवर किंवा दुकानात जाऊन सराव करणार आहोत का? तिसऱ्या प्रश्नाला ‘त्याची गरज नाही, आपण इथेच बोलू’ असं उत्तर आलं, तर दुसरा माणूस शोधा.