नायजेल नील बघायचा, तर कुठून सुरू करावं?

ब्रिटिश टीव्हीवरच्या विज्ञानकथेत लेखक नायजेल नीलचं नाव फार वरचं. पण त्याचं काम क्रमाने बघायला गेलात, तर पहिल्याच पायरीला ठेच लागेल. 1953 ची ‘द क्वाटरमास एक्सपेरिमेंट’ ही मालिका दोन भागांनंतर तुटते. सहाही भाग लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून थेट दाखवले गेले. मॉनिटरसमोर फिल्म कॅमेरा लावून त्यांचं चित्रण सुरू केलं होतं, पण दर्जा इतका वाईट निघाला की दोन भागांनंतर ते सोडून दिलं. दुसऱ्या भागात पडद्यावर किडा चालताना दिसतो. तो त्या मॉनिटरवरचा आहे, तुमचा टीव्ही पुसू नका.

म्हणून आधी ‘क्वाटरमास अँड द पिट’ (1958-59) लावा. सहाही भाग शाबूत, प्रत्येक साधारण 35 मिनिटांचा. एका बैठकीत दोनच बघा. प्रत्येक भागाचा शेवट आठवडाभर टांगून ठेवण्यासाठी लिहिलाय. सलग बघितलं की ती धार जाते. आधी चित्रित केलेले फिल्मचे तुकडे कुठे येतात, तेही बघा. तेवढ्यात नटांना सेट आणि कपडे बदलायला वेळ मिळायचा, आणि नील तो हिशोब संहितेतच धरायचा.

मग मागे जा: ‘नाइन्टीन एटी-फोर’ (1954). रविवारी 12 डिसेंबरला ऑर्वेलच्या कादंबरीवरचं हे टीव्हीनाटक थेट झालं, गुरुवारी 16 तारखेला पुन्हा सादर केलं. आज मिळतो तो गुरुवारचा प्रयोग. आता ‘एक्सपेरिमेंट’चे दोन भाग बघा आणि उरलेले चार छापील संहितेत वाचा. त्यानंतर ‘क्वाटरमास टू’ (1955), तीही पूर्ण आहे. या मालिकांचा नायक प्रोफेसर क्वाटरमास, पण त्याचा नट दरवेळी वेगळा, त्यामुळे गोंधळू नका.

हॅमर या ब्रिटिश कंपनीचे क्वाटरमास चित्रपट म्हणजे या मालिका नव्हेत. नावं जवळपास तीच असल्याने फसगत होते. 1955 च्या चित्रपटातला ब्रायन डोनलेव्हीचा प्रोफेसर नीलला मुळीच रुचला नव्हता. 1967 चा ‘पिट’ मात्र त्यानेच लिहिलाय, जरूर बघा.

‘द स्टोन टेप’ (25 डिसेंबर 1972) ही टीव्हीवरची भुताची गोष्ट हेडफोन लावूनच बघा. फोनच्या स्पीकरवर त्यातली अर्धी भीती ऐकूच येत नाही. 1979 ची शेवटची ‘क्वाटरमास’ घेताना भाग मोजा: चार हवेत. एकच लांब चित्रपट मिळाला, तर ती कापलेली आवृत्ती आहे.