स्वतःचं घड्याळ आधी मोजा, मग सरकवा

रात्री दोनपर्यंत झोप येत नाही म्हणजे नुसता आळस, हे ऐकून कान किटले असतील तर १९७१ सालच्या फळमाश्या आठवा. कोनोप्का आणि बेंझर या शास्त्रज्ञांना एकाच जनुकात बिघाड असलेल्या माश्या सापडल्या, काहींचा दिवस १९ तासांचा, काहींचा २८ चा, आणि काहींना तर ताळतंत्रच नाही. ते जनुक म्हणजे पीरियड. त्याच्यापासून बनलेलं प्रोटीन साठत जातं, पुरेसं झालं की स्वतःच्याच जनुकाला गप्प करतं, मग हळूहळू तुटतं आणि जनुक परत सुरू, हा फेरा म्हणजे शरीरातलं घड्याळ. आपल्यातही त्याच जातीची जनुकं आहेत. क्राय१ नावाच्या जनुकातल्या एका बदलाने घड्याळ मागे पडतं, म्हणजे झोप उशिरा येते, पर२ नावाच्या जनुकातल्या एकाने माणूस संध्याकाळीच पेंगतो, पण असले बदल दुर्मिळ, लगेच स्वतःला चिकटवू नका.

आता मोजायचं कसं, तर सलग सुट्टी हवी, अलार्म बंद. पहिले दोनतीन दिवस सोडून द्या, तेव्हा थकलेली झोप भरून निघत असते. नंतर झोप लागल्याची आणि जाग आल्याची वेळ लिहा, दोन्हीचा मध्य काढा. माझं दोन ते दहा, म्हणजे मध्य सहा. कामाच्या दिवशी एक ते साडेसहा, मध्य पावणेचार. सव्वादोन तासांचा फरक, म्हणजे दर आठवड्याला विमानात न बसता जेटलॅग!

सरकवायचं ते उजेडाने. आणि इथेच मी माती खाल्ली. सगळे सांगतात पहाटे उठा उजेड घ्या, मी आठवडाभर सहाला उठून उन्हात फिरलो आणि झोप अजूनच उशिरा यायला लागली. कारण शरीराचं तापमान नेहमीच्या जाग यायच्या वेळेच्या साधारण दोन तास आधी सगळ्यात खाली असतं, त्याआधी मिळालेला उजेड घड्याळ मागे ढकलतो, म्हणजे झोप उशिरा, नंतरचा पुढे आणतो, म्हणजे झोप लवकर. माझा तो तळ आठच्या आसपास, मी सहाला उन्हात, मग काय होणार.

म्हणून सुरुवात आपल्या खऱ्या जाग यायच्या वेळेपासून करा, उठल्या उठल्या अर्धा तास बाहेर, खिडकीआडचा उजेड फारच कमी पडतो. दर दोनतीन दिवसांनी पंधरा मिनिटं अलीकडे या. झोपायच्या दोन तास आधी दिवे मंद, मोबाईल लांब. कॉफी दुपारनंतर नको. मेलाटोनिन, म्हणजे झोपेच्या हार्मोनची गोळी, डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको, त्याचीही वेळ चुकली की उलटंच होतं.

माझा मध्य आता पावणेपाचवर आलाय. त्याच्या अलीकडे काही येत नाही, अलार्म अजून लागतोच.