अथेनाच्या जन्माचा हिशेब लागत नाही

ग्रीक पुराणकथा वाचायला घेतल्या तेव्हा मी सगळ्यात आधी दोन कार्डशीट आणले आणि देवांची वंशावळ काढायला बसले. पोटापाण्यासाठी मी हिशेब लिहिते, त्यामुळे जुळवाजुळवीची खोड आहेच. गाया आणि उरानस, त्यांचा क्रोनस, क्रोनसचा देवांचा राजा झ्यूस, इथपर्यंत सगळं छान उतरलं. अडलं ते अथेना या ज्ञानदेवतेपाशी. ती झ्यूसच्या डोक्यातून निघाली आणि ते डोकं कुऱ्हाडीनं फोडलं हेफेस्टसनं, म्हणजे देवांच्या लोहारानं. ठीक. पण हेसिअड हा जुना ग्रीक कवी सांगतो की नवऱ्यानं एकट्यानं अथेनाला जन्म दिला म्हणून झ्यूसची बायको हेरा चिडली आणि तिनंही नवऱ्याशिवाय एक मूल जन्माला घातलं. ते मूल म्हणजे हेफेस्टस. म्हणजे कुऱ्हाड चालली तेव्हा कुऱ्हाडवाला अजून जन्मायचाच होता! महाकवी होमर तर हेफेस्टसला सरळ दोघांचा मुलगा मानतो. प्रेमदेवता अफ्रोडायटीचीही तीच गत. हेसिअडकडे ती समुद्राच्या फेसातून येते, होमरच्या 'इलियड'मध्ये ती झ्यूस आणि डायोनीची मुलगी आहे. तीन दिवस खाडाखोड करून मी कार्डशीट माळ्यावर टाकले.

सुटका केली सासऱ्यांनी. त्यांचा ग्रीकांशी काही संबंध नाही, पण कीर्तनं भरपूर ऐकलेली. माझी तक्रार ऐकून म्हणाले, "अगं, लक्ष्मणरेषा तरी वाल्मीकींकडे कुठंय? म्हणून कुणी सांगायची थांबलं का?" आणि मग आठवलं, की माझ्याच शहरात भांडारकर संस्थेनं १९१९ ते १९६६ अशी जवळजवळ पन्नास वर्षं खपून महाभारताची चिकित्सक आवृत्ती केली. कुठला श्लोक कुठल्या पोथीत आहे आणि कुठल्या नाही, हे लावत बसणं हेच ते काम. तीच नजर ग्रीक कथांना लावायची होती आणि मी ताळेबंद जुळवत बसले होते.

तेव्हा नव्यानं सुरुवात करणाऱ्याला माझं सांगणं एवढंच, की कुठलीही गोष्ट ऐकली की आधी विचारा, हे कोण सांगतंय आणि कधी? इंटरनेटवर फिरणारी मेड्युसा घ्या. सुंदर मुलगी, देवळात अत्याचार, आणि वर तिलाच शिक्षा म्हणून केसांचे साप. ही ओव्हिड या कवीची मेड्युसा, सम्राट ऑगस्टसच्या काळातल्या रोममधली. त्याच्या सुमारे सातशे वर्षं आधीच्या हेसिअडकडे ती मुळातच गॉर्गन, म्हणजे राक्षसी, आहे, तीन बहिणींतली एकटीच मर्त्य, आणि समुद्रदेव पोसायडन तिला भेटतो तो वसंतातल्या फुलांनी भरलेल्या कुरणात. देऊळ नाही, शाप नाही. दोन्ही खऱ्याच. फक्त एकीतला माल दुसरीच्या खात्यात टाकू नका.

'इलियड' उघडताना बहुतेकांचा अपेक्षाभंग होतो, माझाही झाला. ज्यात लपून ग्रीक ट्रॉय शहरात शिरले तो लाकडी घोडा कुठाय? नाहीच. दहा वर्षांच्या युद्धातल्या शेवटच्या वर्षाचे थोडे दिवस, आणि ट्रॉयचा राजपुत्र हेक्टर याच्या अंत्यविधीला काव्य संपतं. घोड्यासाठी होमरचंच 'ओडिसी' आणि रोमन कवी व्हर्जिलचं 'ईनिड' वाचावं लागतं. ग्रीक वीर अकिलीसची टाच, म्हणजे त्याच्या अंगातली एकमेव दुबळी जागा, तर आणखी उशिरा येते. आई त्याला पाताळातल्या स्टिक्स नदीत बुडवते ही कथा आज हाती असलेल्या लेखनात प्रथम भेटते ती इ. स. पहिल्या शतकातल्या स्टेशियस या रोमन कवीकडे.

वाचनाचा क्रम? शिकवणारे बहुधा 'इलियड'पासून सुरुवात करायला सांगतात. मला ते पटत नाही. सुमारे साडेपंधरा हजार ओळी, आणि दुसऱ्याच सर्गात ११८६ जहाजांची यादी. तिथं माझ्या ओळखीतले दोघंजण बुडाले ते वर आलेच नाहीत. आधी हेसिअडची 'थिऑगनी', म्हणजे देवांच्या जन्माची कथा, घ्या. हजारभर ओळी, रविवारच्या एका दुपारी होते. मग 'ओडिसी', मग युरिपिडीसचं एखादं नाटक, आणि मगच 'इलियड'. जहाजांची यादी पहिल्या वाचनात खुशाल उलटून टाका. पुस्तकं विकत घ्यायची गरज नाही. अमेरिकेतल्या टफ्ट्स विद्यापीठाच्या 'पर्सियस' या डिजिटल ग्रंथालयात मूळ ग्रीक आणि इंग्रजी भाषांतरं फुकट आहेत. नावांचा बाऊ करू नका. अकिलीसला 'पेलिडीस' म्हटलं की घाबरायचं कारण नाही. पेलियसचा मुलगा तो पेलिडीस, जसा कुंतीचा कौंतेय.

अपोलोडोरसच्या नावावर असलेलं 'बिब्लिओथेका' हे पुराणकथांचं संकलन मात्र सलग वाचू नका. ती खतावणी आहे, हवं ते खातं उघडून बघायची. माझं आवडतं खातं हेराक्लीसचं, ज्याला आपण रोमन उच्चारानं हर्क्युलिस म्हणतो. बारा कामं सगळ्यांना ठाऊक असतात, पण ठरली होती दहाच. ती कामं सांगणाऱ्या युरिस्थियस राजानं दोन नामंजूर केली: हायड्रा या अनेक डोक्यांच्या सापाला मारताना पुतण्या आयोलॉसनं मदत केली म्हणून एक, आणि ऑजियसचा गोठा मजुरी ठरवून साफ केला म्हणून दुसरं. ऑडिटरही इतका खट नसतो. अपोलोडोरसकडे हेराक्लीस आधी वेडाच्या भरात मुलांना मारतो आणि त्याचं प्रायश्चित्त म्हणून कामं करतो. युरिपिडीस क्रम उलटा करतो. सगळी कामं उरकून वीर घरी येतो, बायकामुलांना वाचवतो, आणि तेव्हा हेरा त्याला वेड लावते. तेच प्रसंग, पण आता प्रायश्चित्त उरतच नाही, नुसता आघात उरतो. माझ्या वहीत प्रत्येक कथेला एक पान आहे आणि रकाने तीनच: कोण, कधी, काय बदललं.

मडक्यांवरची चित्रंही बघा. एक्सेकियस या ग्रीक चित्रकारानं रंगवलेला एक रांजण व्हॅटिकनमध्ये आहे, इ. स. पू. सहाव्या शतकातला. अकिलीस आणि एजॅक्स हे दोन ग्रीक वीर युद्धाच्या मधेच, चिलखतं न उतरवता, पटावर वाकून खेळतायत. हा प्रसंग हाती असलेल्या कुठल्याही जुन्या काव्यात नाही.

मागच्या वर्षी आत्याकडे गेले तेव्हा तिला कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात घेऊन गेले. तिथं पोसायडनची छोटीशी ब्राँझ मूर्ती आहे, पंचगंगेकाठच्या ब्रह्मपुरी टेकाडावर सापडलेली.

"कुठला देव गं हा?"

"समुद्राचा."

"वाहन?"

"घोडे."

"समुद्राच्या देवाला घोडं? आणि इथं नदीकाठी काय करायलाय?"

दुसऱ्याचं उत्तर झटकन देता आलं. सातवाहनांच्या काळी रोमन जगाशी व्यापार चालायचा, त्याबरोबर आला. पहिल्याला वेळ लागणार होता. तो घोड्यांचा आणि भूकंपाचाही देव, आणि पायलॉसच्या राजवाड्यात सापडलेल्या, १९५२ मध्ये उलगडलेल्या लिपीतल्या मातीच्या पाट्यांवर झ्यूसपेक्षा याचाच मान मोठा दिसतो, वगैरे सुरू केलं.

"चालत चालत सांग," आत्या म्हणाली. "बस चुकंल."