काळ वाकवणाऱ्या यंत्रासाठी प्रकाशाचे एकक कसे घडवावे

विज्ञानकथेतील यंत्राने काळ मंद केला की लेखक बहुधा घड्याळांकडे वळतो. प्रकाश मात्र तसाच राहतो, आणि जाणत्या वाचकाचा विश्वास तिथेच उडतो. ज्या खोलीतील घड्याळ मंद चालते, त्या खोलीतून बाहेर येणारा प्रकाशही बदलायलाच हवा. तो मोजण्यासाठी आपल्या कथेत एक स्वतंत्र एकक असावे. असे एकक पायापासून कसे रचावे, ते येथे एका उदाहरणातून मांडले आहे. एकक काल्पनिक आहे. त्याखालचे भौतिकशास्त्र खरे आहे.

प्रथम प्रचलित एकके का चालत नाहीत, हे नीट समजून घ्यावे. ल्युमेन आणि लक्स ही एकके मानवी डोळ्याच्या संवेदनक्षमतेला बांधलेली आहेत. त्यांचा आधार ५४० टेराहर्ट्झ वारंवारितेचा, म्हणजे सुमारे ५५५ नॅनोमीटर तरंगलांबीचा हिरवा प्रकाश असून, अशा प्रकाशाच्या एका वॅटला ६८३ ल्युमेन मानले जातात. आता दिवा मंद काळाच्या खोलीत ठेवला आणि आतला एक सेकंद बाहेरच्या दोन सेकंदांएवढा झाला, तर हाच हिरवा प्रकाश बाहेर १११० नॅनोमीटरचा, म्हणजे अवरक्त होऊन पोहोचतो. लक्समीटर शून्य दाखवेल आणि डोळ्याला अंधार दिसेल, तरी दिवा जळतच असेल. वॅटमध्ये मोजणे त्याहून बरे, पण तिथे दोन परिणाम एकमेकांत मिसळतात. प्रत्येक फोटॉनची, म्हणजे प्रकाशकणाची, ऊर्जा निम्मी होते आणि दर सेकंदाला येणारे फोटॉनही निम्मे होतात, त्यामुळे शक्ती एक चतुर्थांश भरते.

म्हणून एकक अशा गोष्टीवर उभारावे, जिच्याविषयी आतल्या आणि बाहेरच्या निरीक्षकाचे दुमत होणार नाही. वारंवारिता, ऊर्जा, कालावधी या तिन्हींबाबत दोघांची उत्तरे वेगळी येतात, परंतु फोटॉनांची संख्या दोघांसाठी एकच असते. दिव्यातून निघून, प्रकाश खोलीबाहेर नेणाऱ्या नळीवाटे बाहेरच्या प्रकाशमापकात पडलेले फोटॉन कोणीही मोजले तरी तितकेच भरतात. ते किती वेळात आले, एवढाच काय तो फरक. माझ्या मते संपूर्ण रचनेतील हाच कळीचा निर्णय आहे.

एककाला ‘झोत’ म्हणू. मापकाच्या स्वतःच्या घड्याळाप्रमाणे एका सेकंदात एकावर अठरा शून्ये इतके, म्हणजे जुन्या गणनेतील दहा परार्ध फोटॉन आले, तर तो एक झोत. हा आकडा सोयीचा आहे, कारण वर सांगितलेल्या हिरव्या प्रकाशात एक झोत म्हणजे सुमारे ०.३६ वॅट किंवा साधारण २४४ ल्युमेन, अर्थात एका लहान एलईडी दिव्याचा उजेड. नाव निवडताना ते पाव, अर्धा, पाऊण, सव्वा, दीड यांच्याशी जुळते का, हे मोठ्याने म्हणून पाहावे. पात्रांच्या तोंडी दशांश अपूर्णांक फार काळ टिकत नाहीत.

आता वापर पाहू. लालबागमधील एका बंद गिरणीच्या आवारात आपले यंत्र आहे, असे समजा. यंत्र सुरू करण्यापूर्वी आतला व बाहेरचा, असे दोन्ही मापक एक झोत दाखवतील अशी जुळणी करून घ्यावी आणि त्यानंतर दिवा, नळी व मापक यांपैकी काहीही हलवू नये, नाहीतर अंतरामुळे आलेली घट काळाच्या नावावर जमा होईल. यंत्र सुरू झाल्यावर आतला काटा एकवर स्थिर राहतो आणि बाहेरचा हळूहळू खाली येतो.

“बाई, पाऊण झोतावर थांबला,” मदतनीस म्हणतो.

“म्हणजे आपला तास होईल तेव्हा आत पाऊण तास झालेला असेल. नोंद करा.”

एवढ्या दोन वाक्यांत वाचकाला सारे गणित कळते, कारण बाहेरचे वाचन हेच थेट काळाचे गुणोत्तर आहे. त्याच क्षणी नळीतील रंगही दाखवावा: हिरवा दिवा ७४० नॅनोमीटरवर सरकून जेमतेम जाणवणारा गडद लाल झालेला असेल, तर पांढऱ्या एलईडीतील ४५० नॅनोमीटरचा निळा भाग ६०० नॅनोमीटरवर येऊन नारिंगी दिसेल.

काळाचा वेग आणि घड्याळाची लावणी यांत गल्लत होऊ देऊ नये. १ जानेवारी १९०६ पासून भारतीय प्रमाणवेळ लागू झाली, तरी मुंबईत त्यानंतरही कित्येक दशके ३९ मिनिटे मागे असलेली मुंबई वेळ पाळली जात होती. ती दोन घड्याळे एकाच वेगाने चालत, त्यामुळे त्यांच्यातील फरकाने कोणाच्याही दिव्याचा रंग बदलला नाही. वेगातील खरा फरक पृथ्वीवर अत्यल्प असतो: सुमारे ८५ मीटर उंच राजाबाई टॉवरच्या टोकाशी ठेवलेले घड्याळ जमिनीवरच्या घड्याळापेक्षा वर्षाला साधारण ०.३ मायक्रोसेकंद पुढे जाईल. तिथे आपला मापक काहीच दाखवणार नाही.

सर्वाधिक काळजी उष्णतेबाबत घ्यावी, कारण मंद खोलीत बसलेल्या माणसाला बाहेरचे सारे प्रारण त्याच गुणोत्तराने वाढलेल्या केल्विन तापमानाचे होऊन मिळते. बाहेर गिरणीच्या भिंती ३० अंश सेल्सिअसला असल्या, तर पाऊण झोताच्या स्थितीत खिडकीतून येणारे त्यांचे अवरक्त प्रारण सुमारे १३१ अंशांच्या भिंतीसारखे, आणि अर्ध्या झोताला ३३३ अंशांच्या भट्टीसारखे भासेल. काळ वीसपट मंद केला, तर त्याच भिंती सूर्यपृष्ठासारख्या तळपतील. म्हणून खिडकी लहान ठेवावी, तिला अवरक्त परतवणारी काच बसवावी आणि यंत्राची सुरक्षित मर्यादा झोतांतच ठरवून पाटीवर लिहावी.

काळ जलद करणाऱ्या यंत्रात धोका बाहेरच्यांना असतो. काटा दीड झोतावर गेला की हिरवा दिवा ३७० नॅनोमीटरचा अतिनील होतो आणि दोन झोतांवर सुमारे २७८ नॅनोमीटरचा. नळी काळी दिसते, म्हणून मदतनीस तिच्यात डोकावण्याची शक्यता तेव्हाच सर्वांत जास्त असते. अतिनील अडवणारा चष्मा सव्वा झोतालाच चढवण्याचा नियम कथेत आधीच घालून ठेवावा.