एफ-१५० ला ट्यूनर लावताना: आधी प्लग, मग पेट्रोल, मग फाइल

२०११ ते २०१४ ची फोर्ड एफ-१५० पिकअप, ३.५ लिटर इकोबूस्ट इंजिनाची. कंपनीच्या आकड्यांप्रमाणे ३६५ हॉर्सपॉवर आणि ४२० पाउंड-फूट टॉर्क. अमेरिकेत ज्यांच्याकडे ही गाडी आहे, त्यांना ट्यूनरचा, म्हणजे इंजिनाच्या कॉम्प्युटरमधली फाइल बदलणाऱ्या यंत्राचा, फरक पहिल्याच चढावर कळतो. कारण इंजिनात जास्त हवा कोंबणाऱ्या दोन टर्बोंचा दाब किती ठेवायचा हे कॉम्प्युटर ठरवतो, आणि ट्यूनर नेमकं तेच बदलतो. टर्बो नसलेल्या इंजिनात एवढी वाढ होत नाही.

ट्यूनर कायमचा बसवायचा नसतो. स्टिअरिंगखाली ओबीडी-२ चं, म्हणजे गाडीचे बिघाड तपासायचं, सॉकेट असतं, १९९६ पासून अमेरिकेतल्या गाड्यांना ते सक्तीचं आहे. तिथे जोडायचा, इंजिनाची फाइल बदलायची, काढून ठेवायचा. ठिणगीची वेळ, टर्बोचा दाब, पेट्रोलचं प्रमाण, गिअर कधी पडावा, सगळं त्या फाइलमध्ये असतं.

पण सुरुवात स्पार्क प्लगपासून करा. दाब वाढला की ठिणगीला फट ओलांडणं जड जातं आणि पूर्ण अॅक्सिलरेटर दिल्यावर इंजिन झटके देतं. लोक ट्यूनला, म्हणजे नव्या फाइलला, दोष देतात, दोष बहुतेक वेळा झिजलेल्या प्लगचा असतो. इंजिन पूर्ण थंड असताना सहाही प्लग काढा, नवे घ्या, आणि फीलर गेजने (फट मोजायच्या पातळ पट्ट्यांनी) फट ०.७ मिलिमीटरच्या आसपास आणा. वाकवायचा तो फक्त बाहेरचा पाय. मधल्या टोकाला टेकवून उचकटलं तर आतलं चिनीमातीचं नळकांडं तडकतं, आणि ती तड डोळ्यांना दिसतही नाही. एअर फिल्टर पाहा. चेक इंजिनचा दिवा लागलेला असेल तर आधी त्यामागचा बिघाड दुरुस्त करा, मगच पुढे जा.

जुना ट्यूनर विकत घेत असाल तर तो आधीच्या गाडीच्या व्हीआयएनला (गाडीच्या ओळख क्रमांकाला) बांधलेला नाही ना, विचारून घ्या. बांधलेला असेल तर तुमच्या गाडीवर चालणार नाही. कॅलिफोर्नियात राहत असाल तर तुमच्या वर्षाच्या आणि इंजिनाच्या गाडीसाठी त्या ट्यूनरला कार्बचा (कॅलिफोर्नियाच्या हवा प्रदूषण नियंत्रण मंडळाचा) ईओ नंबर, म्हणजे मंजुरीचा क्रमांक, असायला हवा.

फाइल भरताना सगळ्यात जास्त घात बॅटरी करते. इंजिन बंद असताना बॅटरीवर १२.६ व्होल्टच्या आसपास दिसले पाहिजेत. तरीही चार्जर जोडूनच काम करा, कारण किल्ली ऑन आणि इंजिन बंद अशा अवस्थेत गाडी बरीच वीज खाते. पंखा, रेडिओ, दिवे बंद. डॅशकॅम आणि मोबाइलचा चार्जर काढलेला. दार सारखं उघडू नका. ट्यूनर लॅपटॉपवर आधीच अपडेट करा, मग जोडा. तो आधी गाडीतली मूळ फाइल वाचून साठवतो, नंतर नवी भरतो. किल्ली बंद करा, चालू करा अशा सूचना येतील, तेवढंच करायचं. मधेच अडकला तर केबल ओढू नका. अर्धवट फाइलवर गाडी सुरू होत नाही. व्होल्टेज तपासा आणि ट्यूनरमधला रिकव्हरीचा पर्याय चालवा.

फाइल निवडायची ती टाकीतल्या पेट्रोलप्रमाणे. इथे आपल्या लोकांची एक चूक होते. भारतात पंपावर लिहिलेला ९१ ऑक्टेन आणि अमेरिकेतला ९१ एक नाहीत, मोजायची पद्धत वेगळी आहे. अमेरिकेतलं साधं ८७ हे साधारण भारतातल्या ९१ च्या जवळ येतं. म्हणून ९३ ची फाइल भरली तर ९३ च भरा. प्रवासात ते मिळणार नसेल तर निघण्यापूर्वी ८७ ची फाइल टाका. टाकीत जुनं ८७ अर्धं उरलं असेल तर आधी ते संपवा.

टायर मोठे असतील तर त्याच वेळी ट्यूनरमध्ये त्यांचं माप भरा. जमिनीवर आणि टायरवर खडूची एक रेघ मारा, गाडी सरळ पुढे ढकलून टायरचा एक पूर्ण फेरा होऊ द्या, दोन रेघांमधलं अंतर मोजा. छापील मापापेक्षा हे खरं. ते भरलं नाही तर स्पीडोमीटर खऱ्या वेगापेक्षा कमी दाखवतो.

पहिले काही मैल शांतपणे चालवा, गिअरबॉक्सला नव्या फाइलशी जुळायला वेळ लागतो. मग बंद ट्रॅकवर तिसऱ्या गिअरमध्ये पूर्ण अॅक्सिलरेटर देऊन लॉग (ट्यूनरने टिपलेली इंजिनाच्या आकड्यांची नोंद) घ्या. त्यात नॉक (पेट्रोल आपोआप भडकून इंजिनात होणारी ठकठक), आत येणाऱ्या हवेचं तापमान, पेट्रोलचा दाब आणि गिअरबॉक्सचं तापमान पाहा. नॉकच्या आकड्याचं चिन्ह नीट समजून घ्या, काही यंत्रांत उणे आकडा म्हणजे कॉम्प्युटर ठिणगी लवकर पाडतोय, म्हणजे सगळं ठीक. ठिणगी सारखी उशिरा पाडली जात असेल किंवा पेट्रोलचा दाब घसरत असेल तर कमी शक्तीची फाइल भरा. ट्रेलर ओढताना टोइंगचीच फाइल हवी, जास्त शक्तीची नाही. लांब चढावर उष्णता साठत जाते.

डीझेल पिकअपवाल्यांसाठी: धूर गाळणारा फिल्टर बंद करणाऱ्या फाइली अमेरिकेच्या क्लीन एअर अॅक्टनुसार बेकायदेशीर आहेत, कितीही स्वस्त मिळाल्या तरी नको.

डीलरकडे जाण्यापूर्वी मूळ फाइल परत टाका. त्यांनी ट्यूनवर नवं सॉफ्टवेअर चढवलं तर ट्यूनरचा मेळ तुटतो आणि मूळ फाइल परत भरताना अडचण येते. फाइल बदलल्याची नोंद कॉम्प्युटरमध्ये राहू शकते. १९७५ च्या मॅग्नसन-मॉस कायद्याने केवळ ट्यूनर लावला म्हणून सगळी वॉरंटी रद्द करता येत नाही, पण बिघाड त्यामुळेच झाल्याचं त्यांनी दाखवलं तर तो खर्च तुमचा. मूळ फाइलची एक प्रत लॅपटॉपवर आणि एक पेनड्राइव्हवर ठेवा, नावात व्हीआयएनचे शेवटचे सहा आकडे घालून.