‘वाटलं’ला लाल पेन्सिल: जुन्या कादंबरीची पटकथा करताना

पुस्तक कितीही आवडलेलं असो, आधी लेखकाचं मृत्युवर्ष काढा. आपल्याकडे लेखक गेल्यावर पुढच्या १ जानेवारीपासून ६० वर्षं लेखनाचे हक्क (कॉपीराइट) राहतात. साने गुरुजी जून १९५० मध्ये गेले, म्हणजे २०११ उजाडलं आणि त्यांचं लेखन मोकळं झालं. ह. ना. आपटे १९१९ मध्ये गेले, तिथे प्रश्नच नाही. हक्क शिल्लक असतील तर सगळ्या वारसांच्या सह्या घ्या आणि मुदत लिहून घ्या. मुदत लिहिली नाही तर कायदा पाचच वर्षं धरतो, आणि आपली तेवढी वर्षं निर्माता शोधण्यातच जातात. एका लेखकाच्या मुलानं चहा पाजून ‘करा की, आमची काय हरकत?’ म्हटलं, त्यावर मी चौदा महिने लिहीत बसले. बहिणीचाही हक्क होता, आणि तिची हरकत होती.

खरं काम पुढे. ह. ना. आपट्यांची ‘पण लक्षात कोण घेतो?’ घ्या. यमू स्वतःच गोष्ट सांगते, त्यामुळे पानोपानी तिचं मन. माझ्या पहिल्या खर्ड्यात तिचं निवेदन इतकं होतं की दिग्दर्शक म्हणाला, ‘ताई, ही रेडिओवरची श्रुतिका झाली.’ तेव्हापासून मी लाल पेन्सिल घेऊन बसते. वाटलं, आठवलं, उमगलं अशा प्रत्येक शब्दाखाली रेघ. मग एकच प्रश्न: हे त्या खोलीतल्या दुसऱ्या माणसाला कशावरून कळलं असतं?

केशवपनाचा, म्हणजे विधवा यमूचं डोकं भादरण्याचा, प्रसंग मी पाच वेळा लिहिला. रडणं, ओढाताण, वस्तरा, सगळं घालून पाहिलं. शेवटी उरली ती ओसरीवर ठेवलेली न्हाव्याची धोकटी, आणि तिच्याकडे बघून खेळ थांबवलेली पोरं. कादंबरीत हे असं नाही. पण यमूची भीती तीच आहे. मूळ वाक्याशी इमान राखण्यापेक्षा मला हे जास्त प्रामाणिक वाटतं. चिडणारे वाचक भेटतील, भेटू देत.

मूळ कादंबरी ‘करमणूक’ साप्ताहिकातून क्रमशः आलेली, म्हणून ऐसपैस. तुमच्याकडे दोन तास आहेत आणि वाड्याचं भाडं दिवसावर. मी सगळं माजघर, ओसरी आणि परसात बसवलं. कुठे दोन पात्रांचं मिळून एक केलं.

खर्डा कुणाला पाठवण्याआधी मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे नोंदवा. मग पुस्तक न वाचलेल्या माणसासमोर मोठ्यानं वाचा. मी मावसभावाला बसवते. त्याचा हात मोबाइलकडे गेला की त्या पानाचा कोपरा दुमडते.