दाव्यात कागद उशिरा सापडलाय? मग तो रेकॉर्डवर आणायचा कसा

वाटणीचा दावा चालू आहे, कोर्टाने वादाचे मुद्दे काढलेत, वादीचं सरतपासाचं (म्हणजे स्वतःच्या साक्षीचं) प्रतिज्ञापत्र पण पडलंय आणि आता कुठे काकांच्या ट्रंकेत जुनं वाटणीपत्र सापडतं नाहीतर तहसीलच्या रेकॉर्ड रूममधून जुन्या फेरफाराची नक्कल हातात येते. सर्रास होतं हे. कागद नुसता यादीला लावून दिला की झालं असं पक्षकाराला वाटतं, पण तसं नसतं.

तुम्ही वादी असाल तर अर्ज दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (सीपीसी, खालच्या सगळ्या ऑर्डर-रूल तिच्यातल्याच) ऑर्डर ७ रूल १४(३) खाली, प्रतिवादी असाल तर ऑर्डर ८ रूल १ए(३) खाली. दोन्हीचा अर्थ एकच, कागद दाव्यासोबत किंवा कैफियतीसोबत (प्रतिवादीच्या लेखी उत्तरासोबत) यायला हवा होता, आला नाही, तर आता कोर्टाच्या परवानगीशिवाय पुराव्यात घेणार नाहीत. काहीजण अजून ऑर्डर १३ रूल २ नाहीतर ऑर्डर १८ रूल १७ए टाकतात, ते दोन्ही १ जुलै २००२ पासून काढून टाकलेत, कुठल्या जुन्या ड्राफ्टवरून कॉपी मारतात देव जाणे.

अर्जाचा जीव म्हणजे कारण. "नजरचुकीने राहून गेला" एवढी एक ओळ लिहून भागत नाही. कागद इतके दिवस कोणाकडे होता, तुम्हाला कधी कळलं, नक्कलेला अर्ज कधी केला, मिळाली कधी, हे तारखांसकट लिहा आणि नक्कल अर्जाची पावती असेल तर तीही जोडा. मग हा कागद कुठल्या मुद्द्यासाठी लागतो ते सांगा. आणि इथेच बरेच अडकतात, कारण जी गोष्ट तुमच्या दाव्यात किंवा कैफियतीत कुठेच लिहिलेली नाही ती नुसत्या कागदाने सिद्ध करता येत नाही, आधी ऑर्डर ६ रूल १७ खाली दुरुस्ती मागावी लागते, आणि ट्रायल सुरू झाल्यावर तीही सहज मिळत नाही. अर्जासोबत प्रतिज्ञापत्र, दस्तऐवज यादी आणि समोरच्याला प्रत द्या, मग त्यांचा से (लेखी म्हणणं) येईल, "लॅक्युना भरतायत", म्हणजे केसमधली उणीव आता भरून काढतायत, हे वाक्य त्यात बहुतेक असतंच.

सुप्रीम कोर्टाने २०२० मध्ये ऑर्डर ८ रूल १ए(३) बद्दल सांगितलंय की समोरच्याचं गंभीर नुकसान होत नसेल तर अशा अर्जाकडे उदारपणे बघावं. त्यामुळे कारण पटलं तर कोर्ट बऱ्याचदा कॉस्ट (खर्चाची रक्कम) लावून परवानगी देतं. पण युक्तिवाद झाल्यावर कागद काढलात तर अवघड आहे. तुमचा साक्षीदार आधीच तपासून झाला असेल तर त्याला परत बोलवायला सीपीसीच्या कलम १५१ खाली वेगळा अर्ज सोबतच टाका, नाहीतर कागद आला पण शाबीत करायला माणूस नाही असं होतं.

परवानगी मिळाली म्हणजे निशाणी पडली, म्हणजे कागद पुरावा म्हणून क्रमांकावर चढला, असं नाही हां. झेरॉक्स असेल तर ओरिजिनल कुठंय ते सांगावं लागतं, ती समोरच्याकडे असेल तर आधी हजर करायची नोटीस द्या, मगच दुय्यम पुरावा (ओरिजिनलऐवजी नक्कल), त्यासाठी भारतीय साक्ष्य अधिनियमाचं कलम ६०. वाटणीपत्रावर स्टॅम्प कमी असेल किंवा रजिस्ट्रेशन नसेल तर हरकत येणारच, स्टॅम्पसाठी ड्युटी आणि दंड भरायची तयारी ठेवा. स्टॅम्पची हरकत समोरच्याने घेतली तर तिथल्या तिथे निकाली काढावी लागते. कागद तीस वर्षांवरचा असेल आणि योग्य माणसाच्या ताब्यातून आला असेल तर त्याच अधिनियमाचं कलम ९२ कामाला येतं. व्हॉट्सअॅप चॅट किंवा रेकॉर्डिंग असेल तर कलम ६३ चं सर्टिफिकेट, जुन्या कायद्यात ६५ बी होतं ते. जालन्याच्या निवडणुकीच्या खोतकर केसमध्ये २०२० ला सुप्रीम कोर्टाने ते सक्तीचं धरलं, पण ट्रायल संपायच्या आत आणता येतं असंही सांगितलं.

उलटतपासात समोरच्याला दाखवायच्या कागदाला मात्र आधी परवानगी लागत नाही, पिंजऱ्यात स्वतः पक्षकार उभा असला तरी, हे डिसेंबर २०२३ मध्ये सुप्रीम कोर्टाने स्पष्ट केलंय. म्हणून असा कागद आधीच यादीला लावून पत्ते उघडे करायची गरज नाही.

कमर्शियल सूट (व्यापारी वादाचा दावा) असेल तर वरचं सगळं ढिलेपण विसरा, तिथे ऑर्डर ११ लागते आणि वेळेत का दिला नाही याचं वाजवी कारण दाखवल्याशिवाय कागद येत नाही. निकाल लागून गेला असेल तर अपिलात ऑर्डर ४१ रूल २७, पण तिथे प्रयत्न करूनही आधी मिळाला नव्हता हे दाखवावं लागतं, घरातल्याच कपाटात होता म्हणालात तर अर्ज तिथेच पडतो.